मुलगी आठवीत आहे, यवतमाळ जिल्ह्यातल्या खेड्यात राहतो. चित्रकलेची इंटरमिजिएट ग्रेड परीक्षा दिली की चित्रकला शिक्षक होता येतं का?

नाही, तेवढ्यानं होत नाही, पुढे ए.टी.डी. (कला शिक्षक पदविका) किंवा कलेतलं तसंच शिक्षण घ्यावंच लागतं. पण परीक्षेला तिला नक्की बसवा. आधी एलिमेंटरी, मग इंटरमिजिएट. इंटरमिजिएटमध्ये अ श्रेणी आली तर दहावीला ७, ब आली तर ५ आणि क आली तर ३ वाढीव गुण मिळतात. मी गावच्या हायस्कुलात चित्रकला शिकवतो. आमची पोरं वस्तुचित्रात सावली चुकवतात, पण स्मरणचित्रात पोळ्याच्या बैलाची झूल, कापूस वेचणाऱ्या बाया अशा रंगवतात की बघत राहावं! तिचा हात तिथे मोकळा होऊ द्या. वाढीव गुणांचा प्रस्ताव मात्र शाळेमार्फत जातो, तेव्हा दहावीत मुख्याध्यापकांकडे वेळेत चौकशी करा.