हिराबाई बडोदेकरांना ‘स्त्रीपार्टी’ म्हणावे का?

प्रश्न असा आला आहे : ‘हिराबाई बडोदेकरांवरच्या एका लेखात त्यांना “स्त्रीपार्टी” म्हटले आहे. हे बरोबर का?’

नाही. हिराबाई या संगीत नाटकांतून कामे केलेल्या गायिका, आणि स्त्रीपार्टी म्हणजे स्त्रियांची कामे करणारा पुरुष नट. यातल्या ‘पार्टी’चा जेवणावळीशी किंवा राजकारणाशी संबंध नाही. इंग्रजी ‘पार्ट’ नाटकमंडळ्यांनी उचलला आणि त्याला मराठी ‘ई’ लावली. तेलाचा तेली, पखवाजाचा पखवाजी, तसा पार्टाचा पार्टी.

आता कोणी म्हणेल, राजाची कामे करतो तो राजापार्टी, मग स्त्रीची कामे करते ती स्त्रीपार्टी का नाही? व्याकरणाने अडत नाही, अडते ते रूढीने. शब्द रुळला तेव्हा मोठ्या कंपन्यांच्या रंगमंचावर बाई नव्हतीच. सूत्रधाराबरोबर येणारी नटीसुद्धा पुरुषच असे! बायकांच्या वेगळ्या मंडळ्या होत्या आणि त्यांत पुरुषांची कामेही बायकाच करत, पण ‘स्त्रीपार्टी’ म्हटले की डोळ्यांपुढे येतात ते भाऊराव कोल्हटकर नि बालगंधर्व.

एकच भूमिका घेऊ. अण्णासाहेब किर्लोस्करांचे ‘सौभद्र’ 1882 साली रंगभूमीवर आले, त्यात सुभद्रा होते भाऊराव. पुढे हिराबाईंनीही सुभद्रा केली. ‘वद जाऊं कुणाला शरण’ हे पद तेच, पण भाऊराव स्त्रीपार्टी ठरतात, हिराबाई नाही. त्यांच्याबद्दल ‘सुभद्रेचं काम केलं’ एवढेच म्हणतात. ‘स्त्रीपार्ट केला’ म्हटले तर ऐकणारा पुरुषच समजेल.

हिराबाईंचा जन्म 1905चा, मिरजेचा. वडील अब्दुल करीम खाँ, आई ताराबाई माने. शास्त्रीय गाण्यातल्या किराणा घराण्याची तालीम अब्दुल वहीद खाँसाहेबांकडे झाली. 1929च्या सुमारास थोरले बंधू सुरेशबाबू माने यांच्याबरोबर त्यांनी नाटकमंडळी उभी केली. तिच्यात हिराबाई आणि त्यांच्या बहिणी पुरुष नटांच्या बरोबरीने उभ्या राहिल्या. माझ्या मते त्यांच्या नाट्यकारकिर्दीतली मोठी गोष्ट हीच, भूमिकांची यादी नव्हे. बालगंधर्वांचा शालू-नथीतला रुबाब पाहिलेल्या प्रेक्षकांसमोर हे करायचे, म्हणजे तुलना अटळच. कंपनी फार वर्षे तगली नाही. बोलपट आले, आणि हिराबाईंचे नाव पुढे गाजले ते मैफलींत. 1970 साली पद्मभूषणही मिळाले ते गाण्यासाठी.

मग लिहायचे काय? ‘नटी’ शब्द शुद्ध आहे, जुनाही आहे, पण बोलपटांच्या काळात त्याला हिणकस छटा चिकटली. हिराबाईंसाठी तो मी वापरणार नाही. ‘गायिका-अभिनेत्री’ लिहावे, किंवा सरळ ‘संगीत नाटकांतून कामे केली’ म्हणावे. लेखकाला बहुधा ‘स्त्री कलाकार’ म्हणायचे असावे आणि जुना शब्द भारदस्त वाटला असावा.