सात खणांचा हिशेब

मॅच फॅक्टरीसारखा, ढिगातून तीन-तीन सारख्या वस्तू उचलायचा मोबाइलवरचा खेळ नवीन सुरू केलात ना, मग दिसेल त्यावर बोट मारायची सवय आधी सोडा. उचललेली वस्तू स्क्रीनच्या खालच्या खणात जाते, आणि खण सातच. तीन सारख्या वस्तू जमल्या की त्या गायब, सातही भरले की खेळ खलास. आता हिशेब करा: तिसऱ्या नगाविना दोन-दोनच्या तीन जोड्या अर्धवट ठेवल्या तर सहा खण गेले. उरलेल्या एका खणात घाईघाईत लिंबाऐवजी पिवळा चेंडू पडला की संपलं! म्हणून मी दोनच्या वर अर्धवट जोड्या ठेवतच नाही. जमेल तिथे तर तिन्ही नग डोळ्यांना दिसल्याशिवाय पहिल्याला हात लावत नाही.

स्क्रीनच्या वरच्या बाजूला जे मागितलंय तेवढंच उचला. बाकीचा पसारा आवरत बसलात तर घड्याळ थांबत नाही. अपवाद ढिगावर आडवी पडलेली मोठी धुडं. तिन्ही हाताशी असतील तर आधी तीच काढा, खालचं सगळं उघडं पडतं. बारीकसारीक वस्तू बहुतेक तिथेच दडलेल्या असतात.

ढीग ढवळणारा पंखा, शेवटची वस्तू परत टाकणारी स्प्रिंग, ही मदत पहिल्याच मिनिटात उधळू नका. एकच प्रकार उरलाय आणि सापडत नाहीये, तेव्हा पंखा.

वेळ वाढवायला नाणी मागतील. देऊ नका, सरळ हरा. मी सुरुवातीला सगळी नाणी त्यातच घालवली. हरलं तर एक जीव जातो, आणि तुमचं जेवण होईपर्यंत तो परत भरतोसुद्धा.