आकडा स्थिर का राहत नाही?

प्रश्न : महाविद्यालयाच्या अभ्यासभेटीत आम्ही कोळशावरील वीजकेंद्राचा नियंत्रण कक्ष पाहिला. ५०० मेगावॉटच्या एका संचाचा आकडा सकाळी ४८१, ४९१, ४८६ असा सतत हलत होता; दुपारी तो ४३० वर उतरला आणि रात्री आम्ही निघेपर्यंत तिथेच राहिला. कोळसा तर अखंड जळत असतो, मग असे का?
— एक विद्यार्थिनी

उत्तर : तुम्ही वेळा नोंदवल्यात हे फार चांगले केले, कारण उत्तर त्या वेळांतच आहे. सकाळची हालचाल मुख्यतः विद्युत जाळ्याची असावी. मागणी पुरवठ्यापेक्षा वाढली की वारंवारता घसरते आणि टर्बाइनचा वेग सांभाळणारा गव्हर्नर वाफेची झडप काही सेकंदांत थोडी अधिक उघडतो. ५० हर्ट्झच्या जाळ्यात, ५ टक्के ड्रूपवर (म्हणजे वारंवारता ५ टक्के बदलली तर पूर्ण क्षमतेइतका प्रतिसाद, या प्रमाणावर) बसवलेला ५०० मेगावॉटचा संच ०.०५ हर्ट्झच्या घसरणीला साधारण १० मेगावॉटने प्रतिसाद देतो. ही जादा वाफ बॉयलरमध्ये आधीच साठलेल्या दाबातून येते. वाढवलेल्या कोळशाची उष्णता वाफेत उतरायला काही मिनिटे लागतात.

दुपारच्या घसरणीमागे कोणत्या संचाने किती वीज द्यायची हे ठरवणाऱ्या भारप्रेषण केंद्राची सूचना असू शकते, कारण सौरऊर्जा भरपूर असताना औष्णिक संचांना भार कमी करायला सांगतात. पण सूर्य मावळल्यावर तो भार बहुधा परत मागितला जातो. तुमचा आकडा रात्रीही वर गेला नाही, म्हणून मला कोळशाचा संशय येतो.

हिशेब करून पाहू. विजेच्या एका युनिटला २,४०० किलोकॅलरी उष्णता लागते असे धरले, तर किलोला ४,००० किलोकॅलरी देणारा कोळसा पूर्ण भाराला तासाला ३०० टन लागेल. ३,२०० किलोकॅलरीचा असेल तर ३७५ टन. आता प्रत्येकी ६५ टन दळणाऱ्या सहा मिलपैकी एक बंद पडली, तर उरलेल्या पाच ३२५ टनच देतात आणि संच ४३३ मेगावॉटवर अडतो. कोळसा ओला असेल तर सहाही मिल चालू असून हेच घडते : मिलमधल्या गरम हवेची उष्णता ओल सुकवण्यातच जाते, बाहेर पडणाऱ्या भुकटीचे तापमान घसरते आणि चालकाला मिलमध्ये कोळसा सोडणाऱ्या फीडरचा वेग कमी करावा लागतो. कोळसा साठवणाऱ्या बंकरच्या तोंडाशी चिकटलेला ओला कोळसा सुटावा म्हणून कामगार बाहेरून घणाचे ठोके घालतात, ते कष्ट पडद्यावर कुठेच दिसत नाहीत.

थंड करणारे पाणी तापले किंवा वापरलेल्या वाफेचे पुन्हा पाणी करणाऱ्या कंडेन्सरच्या नळ्यांत गाळ बसला, तर कंडेन्सरमधला व्हॅक्यूम घटतो आणि तेवढ्याच वाफेतून कमी वीज मिळते. मात्र एवढी मोठी घट सहसा केवळ त्याने होत नाही.

पुढच्या भेटीत मेगावॉटच्या शेजारी मुख्य वाफेचा दाबही पाहा. भार उतरताना दाबही घसरत असेल, तर बहुतेक वेळा बॉयलर कमी पडत असतो. दाब टिकून असेल, तर झडप मुद्दाम मिटवलेली असते.