स्टीम फॅमिलीचे तेच तेच प्रश्न आणि माझी तीच तीच उत्तरं

स्टीम म्हणजे पीसीच्या गेम्स विकणारं ऑनलाइन दुकान, आणि स्टीम फॅमिली म्हणजे घरातल्यांनी एकमेकांच्या गेम्स खेळायची त्यातली सोय. तिथला सेल संपला की मेसेज सुरू होतात. "दादा, भावाची गेम माझ्याकडं का दिसत नाय", "मला स्लॉट (म्हणजे फॅमिलीतली जागा) मिळंल का", "यूट्यूबवर तर होतंय, आमच्याकडंच का होत नाय". सांगली, मिरज, कराड, पार फलटणपासून एकच गोंधळ. वेगवेगळं उत्तर द्यायला आता वेळ नाही म्हणून या वेळी सगळे एकत्र घेतोय.

आधी एक गोष्ट डोक्यात फिट करा, निम्मे प्रश्न तिथंच संपतील. जुनं फॅमिली शेअरिंग वेगळं होतं आणि आत्ताचं स्टीम फॅमिली वेगळं आहे. जुन्यात कॉम्प्युटर "ऑथराइज" करायचा असायचा, आणि मालक कुठलीही गेम खेळायला बसला की त्याची सगळी लायब्ररी (अकाउंटवरच्या सगळ्या गेम्स) दुसऱ्याला बंद. ते गेलं. सप्टेंबर २०२४ पासून नवीन फॅमिली सगळ्यांना चालू झाली. तरी अजून लोक जुने हिंदी व्हिडिओ बघून तो ऑथराइजचा टिक सेटिंगमध्ये शोधत बसतात. सापडणार नाही, कारण तो तिथं नाहीच.

प्रश्न : मी एक गेम खेळत असताना भावाला माझीच दुसरी गेम खेळता येईल का? (कुपवाड)

येईल.

प्रश्न : आणि तीच गेम दोघांनी एकाच वेळी? आमच्याकडं एकच कॉपी आहे, पण मित्र म्हणतोय एकाला ऑफलाइन टाकलं की होतंय.

मित्राला म्हणावं तू येऊन लावून दे. एक कॉपी, एका वेळी एक माणूस. घरात एकच गाडी असली की एक कॉलेजला गेला तर दुसऱ्यानं एसटी धरायची, तसं. दोघांना सोबत खेळायची असेल तर फॅमिलीत मिळून दोन कॉप्या पाहिजेत, कुणाच्या नावावर आहेत त्यानं फरक पडत नाही. सेलला थांबा आणि दुसरी घ्या.

प्रश्न : भावाच्या लायब्ररीतल्या चाळीसेक गेम्सपैकी सात-आठ मला दिसतच नाहीत. स्टीम दोनदा काढून परत टाकलं. आता विंडोज मारू का (परत नव्यानं टाकू का)? (विटा)

विंडोज मारू नका! कोण सांगतं हे तुम्हाला? माझ्या रिपेअरच्या दुकानात निम्मी मशीन अशीच येतात, बिघाड काहीच नसतो आणि पोरानं विंडोज मारून बापाची जीएसटीची फाइल उडवलेली असते.

ज्या गेम्स दिसत नाहीत त्यांची स्टोअरची पानं उघडा. उजव्या बाजूला सिंगल प्लेअर, क्लाउड वगैरे फीचर्सची यादी असते, त्यात "फॅमिली शेअरिंग" लिहिलंय का बघा. नसेल तर ती गेम शेअर होतच नाही, तुमच्या मशीनचा काही दोष नाही. काही कंपन्यांनी स्वतःहून बंद ठेवलेलं असतं. काही गेम्सना स्वतःचं वेगळं अकाउंट, "की" (कोड) किंवा सबस्क्रिप्शन लागतं, त्यात ते जमत नाही. आणि फ्री गेम्स शेअर करायचा प्रश्नच येत नाही, त्या ज्यानं त्यानं आपल्या अकाउंटवर घ्यायच्या. काउंटर स्ट्राइक २ भावाकडं आहे आणि माझ्याकडं "शेअर" होत नाही अशी तक्रार घेऊन येणारे पण आहेत, काय बोलायचं आता.

पानावर शेअरिंग लिहिलेलं असून दिसत नसेल तर मग लायब्ररीचा फिल्टर बघा, आणि तुमचं अकाउंट फॅमिलीत "चाइल्ड" म्हणून तर टाकलेलं नाही ना ते बघा. चाइल्डला मोठ्यांनी परवानगी दिलेल्याच गेम्स दिसतात. एवढं करूनही नाही दिसलं तर स्टीम सपोर्टला तिकीट टाका, स्क्रीनशॉट जोडून.

प्रश्न : भावाकडं डीएलसी (गेमला वेगळी विकत मिळणारी जोड) आहे, माझ्याकडं साधी गेम आहे. त्याची डीएलसी माझ्या गेममध्ये येईल का?

नाही. डीएलसी कॉपीबरोबर जाते. तुमची कॉपी चालवली तर तुमचं जे आहे तेच, त्याच्या कॉपीवर खेळलात तर त्याचं. दोन्हीची भेळ होत नाही. गेमच्या आत पैसे देऊन घेतलेल्या स्किन, कॉइन वगैरे तर कुणाचंच कुणाला जात नाही. म्हणून डीएलसी घ्यायच्या आधी घरात विचारा की बेस गेम कुणाच्या नावावर आहे. पाच मिनिटांचं काम आहे, पण कोण विचारतो.

प्रश्न : भाऊ माझी गेम खेळला तर माझा सेव्ह (गेममध्ये साठवलेली प्रगती) उडेल का? मी ९० तास घातलेत.

नाही. प्रत्येकाचा सेव्ह वेगळा, अचीव्हमेंट पण वेगळ्या. फक्त त्याला त्याच्या अकाउंटवरून खेळू द्या, तुमच्या लॉगिनवर बसवू नका.

प्रश्न : शेअर झालेली गेम परत पूर्ण डाउनलोड करावी लागते का? गावाकडं नेट असं की १०० जीबीला आठवडा जाईल. (जत)

एकाच पीसीवर दोन अकाउंट असतील तर नाही, फाइल त्याच वापरल्या जातात. वेगळ्या पीसीवर डिस्कमध्ये तर यायलाच लागणार, पण ती नेटवरूनच यावी असं काही नाही. फेब्रुवारी २०२३ पासून स्टीममध्ये लोकल नेटवर्क ट्रान्सफर आहे. दोन्ही पीसी एकाच राउटरवर, दोन्हीकडं स्टीम चालू, सेटिंगमध्ये डाउनलोडच्या पानावर ट्रान्सफरला परवानगी द्या, मग पहिल्या पीसीवर गेम पूर्ण अपडेट असली की दुसरा तिथूनच ओढून घेतो. वायफायपेक्षा केबल लावा. केबल दीडशे-दोनशे रुपयांची असते आणि त्यासाठी "गेमिंग केबल" म्हणून कुणी हजार मागितले तर उठून बाहेर या. नेट नसताना खेळायचं असेल तर नेट असतानाच एकदा गेम चालू करून बघा आणि मग ऑफलाइन मोडला टाका, शेअर झालेली गेम पण ऑफलाइन चालते.

प्रश्न : मी सांगलीत, भाऊ पुण्यात पीजीवर, काका दुबईत. तिघांची फॅमिली होईल का?

काकांचं विसरा, सगळ्यांच्या स्टोअरचा देश एकच लागतो. भावाचं म्हणाल तर स्टीमनं हे एका घरात राहणाऱ्यांसाठी ठेवलंय, आणि जॉइन करताना एकाच घरचे वाटला नाहीत तर ते अडवतं. तो सुट्टीला घरी आला की घरच्याच नेटवर दोघंही लॉगिन करा आणि मग इन्व्हाइट स्वीकारा. तरीही अडलं तर सपोर्टला लिहा. व्हीपीएन लावून देश बदलायची आयडिया देणारे मला रोज भेटतात, स्टीमच्या करारात ते सरळ मना आहे आणि अकाउंट तुमचं जाईल, आयडिया देणाऱ्याचं नाही.

प्रश्न : इन्स्टावर एक जण १९९ रुपयांत फॅमिली स्लॉट देतोय, ३०० गेम्स मिळतील म्हणतोय. रिव्ह्यू चांगले आहेत. घेऊ का? (मिरज, इंजिनिअरिंग दुसरं वर्ष)

नको. आणि आता बस, नीट ऐक, कारण हाच प्रश्न दर आठवड्याला कुणीतरी विचारतंच.

फॅमिलीत सहा जागा असतात, तू धरून. त्या माणसानं पाच जागा विकायला काढल्यात. तुला वाटतंय तुला त्याच्या ३०० गेम्स मिळणार. पण फॅमिली एकतर्फी नसते राजा, तू आत गेलास की तुझी लायब्ररी पण बाकीच्या पाच जणांपुढं उघडली. तू पॉकेटमनी साठवून घेतलेली गेम आता कोण कुठले चार अनोळखी चालवणार. आणि त्यातल्या एकानं तुझ्या कॉपीवर चीट मारलं तर बॅन कुणाला? त्याला आणि तुला. फॅमिलीतल्या बाकीच्यांना काही होत नाही, पण ज्याची कॉपी त्याला त्या गेममध्ये बॅन बसतोच. स्टीमनं हे कुठं लपवून ठेवलेलं नाही, त्यांच्या मदतीच्या पानावर लिहिलेलं आहे. व्हॅक बॅन (स्टीमच्याच चीट पकडणाऱ्या यंत्रणेनं दिलेला) असेल तर तो कायमचा, सपोर्ट काढत नाही. "माझ्या भावानं केलं हो" म्हणून रडलं तरी काढत नाही. गेमच्या कंपनीनं स्वतः दिलेला बॅन असेल तर विचारायचं त्या कंपनीला, आणि तिथं पण आशा धरू नको.

आता दुसरं, वर्षाचं. मोठं माणूस म्हणून एका फॅमिलीत गेलास की तिथून निघून दुसऱ्या फॅमिलीत जायला किंवा स्वतःची काढायला, जॉइन झाल्या तारखेपासून एक वर्ष थांबायला लागतं. तुझ्या जागेला पण तेवढाच कूलडाउन (थांबायची मुदत) बसतो. म्हणजे त्या विक्रेत्यानं आठवड्यात तुला हाकललं (आणि हाकलतातच, त्याला फक्त पहिले पैसे पाहिजे असतात) तर १९९ गेले ते सोड, तुझं वर्ष गेलं. तुझा सख्खा भाऊ दिवाळीला नवीन पीसी घेईल आणि तुम्ही दोघं फॅमिली करू शकणार नाही. परवा एक पोरगा काउंटरवर मोबाइल पुढं करून उभा होता, चॅटमध्ये शेवटचा मेसेज "नो रिफंड ब्रो" आणि त्याखाली प्रोफाइल गायब. मला म्हणतो, दादा तुमच्याकडनं काही होईल का. माझ्याकडनं काय होणार? ते स्टीमच्या सर्व्हरवर आहे, माझ्या स्क्रूड्रायव्हरनं निघत नाही.

रिव्ह्यूचं म्हणशील तर ते कोण लिहितं ते तुला पण माहितीये.

आणि हे लोक पुढं काय करतात ते पण ऐक. "व्हेरिफिकेशनसाठी हा क्यूआर स्कॅन कर" म्हणतात. स्टीमच्या अॅपमधून तो स्कॅन करून होकार दिलास की तू त्याला तुझ्या अकाउंटचं लॉगिन दिलंस, पासवर्ड न सांगता. काहीजण आख्खं अकाउंटच विकतात, "आयडी पासवर्ड घे, मजा कर". स्टीमच्या करारात अकाउंट विकता येत नाही, देता पण येत नाही. मूळ मालकानं सपोर्टला पुरावा दाखवून परत मागितलं तर तू कुणाकडं जाणार?

स्लॉट आधीच घेऊन बसला असशील तर आजच पासवर्ड बदल, मोबाइलचं स्टीम गार्ड (लॉगिनला मोबाइलवर खात्री मागणारी सोय) चालू कर, बाकी सगळ्या डिव्हाइसवरून लॉगआउट कर आणि त्या फॅमिलीतून बाहेर पड. वर्ष जाऊ दे, अकाउंट तरी वाचेल. यूपीआयनं पैसे गेलेत आणि फसवणूक झालीय तर १९३० वर (सायबर फसवणुकीची हेल्पलाइन) फोन कर, घरी पण सांग. लाजून गप्प बसून तीन-तीन महिन्यांनी येतात पोरं, मग काही हातात राहत नाही.

प्रश्न : माझा मुलगा १४ वर्षांचा आहे. त्याचा मावसभाऊ आमच्याच घरी शिकायला आहे आणि त्याच्या गेम्स मुलाला दिसू लागल्यात, त्यातल्या काही भयानक आहेत. बंद कसं करायचं? (कराड, एक आई)

ताई, मुलाचं अकाउंट फॅमिलीत "चाइल्ड" म्हणून घ्या आणि तुमचं स्वतःचं एक अकाउंट काढून तुम्ही "अॅडल्ट" म्हणून राहा, गेम खेळत नसलात तरी चालतं. मग कुठल्या गेम्स दिसाव्यात, स्टोअर आणि चॅट उघडावं की नाही, रोज किती वेळ, हे सगळं तुमच्या मोबाइलवरून ठरवता येतं, किती खेळला तेही दिसतं. त्याला गेम हवी असेल तर तो तुम्हाला विनंती पाठवतो, तुम्ही मान्य करून पैसे भरता. त्यामुळं तुमचं कार्ड त्याच्या अकाउंटमध्ये ठेवायची गरज नाही आणि ठेवू पण नका.

एवढंच लक्षात घ्या की चाइल्ड स्वतःहून फॅमिलीतून निघू शकत नाही, मोठ्यांनीच काढायचं. आणि मावसभावाला अॅडल्ट करायचं की नाही याचा विचार करा, कारण अॅडल्ट असेल तर ही बंधनं तो पण बदलू शकतो. घरात बसून एकदा बोला सगळे. धाकटं पोरगं असेल तर, १३ च्या खाली स्टीमचं अकाउंट काढायलाच परवानगी नाही, खोटी जन्मतारीख टाकून काढून देणारे कॅफेवाले आहेत, त्यांच्याकडं जाऊ नका.

प्रश्न : गेम घेतली, पुतण्याला आवडली नाही. पैसे परत?

घेऊन १४ दिवस झालेले नसतील आणि दोन तासांपेक्षा कमी खेळली असेल तर हेल्पमध्ये जाऊन रिफंड मागा. आज मागा. "बघू रविवारी" म्हणणाऱ्यांचा पंधरावा दिवस रविवारीच येतो.

प्रश्न : २०२१ च्या पुरात पीसी गेला. आता नवीन घेतला, पण तेव्हाचा ईमेल बंद पडलाय, मोबाइल नंबर पण बदललाय. गेम्स गेल्या का? घरातल्या फॅमिलीत तेच अकाउंट घ्यायचंय. (सांगली, गावभाग)

गेम्स गेल्या नाहीत. त्या अकाउंटवर असतात, पाण्यात हार्ड डिस्क गेली, लायब्ररी नाही. सेव्ह मात्र ज्या गेमला स्टीम क्लाउड (सेव्ह ऑनलाइन साठवायची सोय) होतं त्याचेच मिळतील.

आता नवीन अकाउंट काढून घाईघाईनं ते फॅमिलीत घालू नका, जागा वर्षभर अडकेल. आधी जुनं सोडवा. स्टीम सपोर्टच्या पानावर "लॉगिन करता येत नाही" मधून जा आणि अकाउंट तुमचंच आहे याचा पुरावा द्या. जुनं युजरनेम, त्या वेळी वापरलेला ईमेल आणि नंबर, कार्डनं पैसे दिले असतील तर कार्डची त्यांनी मागितलेली तेवढीच माहिती, डब्यातली गेम घेतली असेल तर तिच्या कीचा फोटो. बँकेचं जुनं स्टेटमेंट काढा, त्यात खरेदीची तारीख आणि रक्कम सापडते. मागितलं तेवढंच द्या, एकाच तिकिटात द्या, रोज नवीन तिकीट टाकू नका. आणि "अकाउंट रिकव्हर करून देतो" म्हणत कुणी पैसे मागितले तर देऊ नका, मी मागितले तरी देऊ नका, ते काम फक्त स्टीम करतं. स्टेटमेंट मिळत नसेल तर बँकेच्या शाखेत अर्ज द्या, पासबुक घेऊन जा, जेवणाच्या सुट्टीच्या आधी.