हेलीचा राग गेला कुठे?

प्रश्न: ताई, मी शाळेपासूनची पॅरामोर या रॉक बँडची फॅन. त्यांच्या 'रायट!' अल्बममधली गायिका हेली विल्यम्स म्हणजे माझ्यासाठी रॉक. पण तिचा सोलो अल्बम 'पेटल्स फॉर आर्मर' तीनदा लावला आणि तीनदा चार-पाच गाण्यांनंतर बंद केला. सगळं संथ, दबलेलं, गिटार तर शोधावी लागते. बँडशिवाय ती हरवलीये का?

उत्तर: अजिबात नाही गं. आणि बँडशिवाय म्हणशील तर अल्बमचा प्रोड्युसर टेलर यॉर्कच आहे, पॅरामोरचा गिटारिस्ट, म्हणजे गिटार मागे राहिली ती चुकून नाही. 'रायट!' २००७चा, तेव्हा ती होती १८ वर्षांची. हा अल्बम आला मे २०२०मध्ये, मधल्या काळात बँडमधली माणसं सोडून गेली, लग्न मोडलं, डिप्रेशन आलं, थेरपी झाली, एवढं सगळं झाल्यावर कुणी त्याच आवाजात कसं ओरडेल?

राग आहेच, फक्त मंद आचेवर ठेवलाय. पहिल्या गाण्याचं नावच 'सिमर', म्हणजे मंद आचेवर उकळत राहणं. ते फोनच्या स्पीकरवर नको ऐकूस, हेडफोन लाव. सुरुवातीला तिच्या श्वासाचेच तुकडे तालासारखे वाजतात, कुणीतरी अगदी कानाशी दात आवळून उभं असल्यासारखं, आणि मग ती आपल्या लेकराला वाचवायची वेळ आली तर काय करेन ते सांगते, तेही आवाज न चढवता. मला तर अजून काटा येतो. ओरडण्यापेक्षा हे जास्त भीतीदायक आहे असं माझं स्पष्ट मत आहे.

आता तू जिथे सोडतेस त्याबद्दल. पहिली पाच गाणी फेब्रुवारी २०२०मध्ये वेगळी आली होती, त्यामुळे तेवढीच एका बैठकीत ऐकलीस तरी चालेल, पूर्ण १५ एकदम पचत नाहीत, मलाही नाही पचली. पण सहावं 'डेड हॉर्स' चुकवू नकोस. त्याच्या सुरुवातीलाच तिचा एक व्हॉइस मेमो आहे, साध्या बोलण्याच्या आवाजात, हे पाठवायला तीन दिवस लागले कारण मी डिप्रेशनमध्ये होते, आता बाहेर यायचा प्रयत्न करतेय, आणि लगेच पाय हलायला लावणारा बीट सुरू होतो. तुला हवी असलेली हेली तिथे भेटेल, तू दरवेळी एक गाणं आधी उठून जातेस बघ.