दाव्यात सामील होऊ पाहणाऱ्या त्रयस्थाविषयी

चि. यास,
अनेक आशीर्वाद.

तू पाठवलेला अर्जाचा मसुदा दोनदा वाचला. अशील बाईंचा दाव्यातील मिळकतीत हिस्सा आहे, म्हणून त्यांना प्रतिवादी म्हणून सामील करून घ्यावे, एवढ्या एकाच मुद्द्यावर तो उभा आहे. तो असाच दाखल झाला तर नामंजूर होईल असे मला वाटते, आणि त्याचे कारण मूळ दाव्याच्या स्वरूपात आहे.

दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश १, नियम १०(२) नुसार न्यायालय दाव्याच्या कोणत्याही टप्प्यावर पक्षकार वाढवू शकते, हे खरे. परंतु त्यासाठी अर्जदाराशिवाय परिणामकारक हुकूमनामा होणेच अशक्य असले पाहिजे, किंवा दाव्यातील प्रश्नांचा पूर्ण निवाडा होण्यासाठी त्याची उपस्थिती गरजेची असली पाहिजे. म्हणून आधी वादपत्राचे शेवटचे पान, म्हणजे विनंतीचे कलम, काढून वाच. तुझ्या प्रकरणात खरेदीदाराने बाईंच्या भावाविरुद्ध साठेकराराच्या विशिष्ट पूर्ततेची, म्हणजे ठरल्याप्रमाणे खरेदीखत करून मिळण्याची, दाद मागितली आहे. न्यायाधीशांपुढे येणारे मुद्दे असे: करार झाला का, विसाराची रक्कम पोचली का, खरेदीदार उरलेली रक्कम देऊन खरेदीखत करून घेण्यास सदैव तयार व राजी होता का. यांपैकी एकाही मुद्द्याचे उत्तर बहिणीच्या हिश्श्यावर अवलंबून नाही. २००५ साली कस्तुरी विरुद्ध अय्यमपेरुमल या निकालात सर्वोच्च न्यायालयाने हीच भूमिका घेतली. मिळकतीवर स्वतंत्र मालकी आणि कब्जा सांगणाऱ्यांना अशा दाव्यात घेतले, तर कराराच्या दाव्याचा मालकीहक्काचा दावा होऊन बसतो, आणि तो लढण्याची सक्ती इच्छा नसलेल्या वादीवर करता येत नाही.

हाच दावा भावंडांमधील वाटपाचा असता, तर मी तुला अर्ज आजच दाखल करायला सांगितले असते. वाटपात प्रत्येक हिस्सेदार आवश्यक पक्षकार असतो आणि एकाला वगळले तरी दावा त्या दोषाने फेटाळला जाऊ शकतो. जमीन तीच आणि बाईही त्याच, पण दाद बदलली की त्यांचे दाव्यातील स्थान बदलते. मसुदा लिहिण्यापूर्वी तुला हे दिसायला हवे होते.

दावा चालू असताना मिळकत विकत घेणाऱ्यांचे प्रकरण याहून नाजूक आहे. मनाई हुकूम असताना गुपचूप व्यवहार करणाऱ्यांना २०१२ च्या विदुर इम्पेक्स निकालात प्रवेश मिळाला नाही, तर २०१३ च्या थॉमसन प्रेस निकालात आदेश २२, नियम १० चा (दावा चालू असताना हक्क ज्याच्याकडे गेला त्याला दावा पुढे चालवू देणाऱ्या तरतुदीचा) आधार घेऊन खरेदीदाराला सामील करून घेतले गेले. असा अशील आला, तर व्यवहाराची तारीख आणि त्या वेळी त्याला दाव्याची माहिती होती का, या दोन गोष्टी प्रथम विचार.

अर्ज केवळ प्रकरण लांबवण्यासाठी करावा, असे कोणी सुचवले तर नकार दे. ‘से’ म्हणजे समोरच्या बाजूचे म्हणणे मागवणे, युक्तिवाद, मग त्या आदेशाविरुद्ध उच्च न्यायालयात धाव, यात वर्षे जातात, आणि तेवढा काळ बाईंचा खरा हक्क मांडलाच जात नाही.

त्यांना स्पष्ट सांग की भाऊ स्वतःच्या हिश्श्यापलीकडे काही विकू शकत नाही आणि ज्या हुकूमनाम्यात त्या पक्षकार नाहीत, त्याने त्यांचा हिस्सा बुडत नाही. त्यांच्यातर्फे वाटपाचा स्वतंत्र दावा लाव, त्यात खरेदीदारालाही प्रतिवादी कर आणि निशाणी ५ वर तात्पुरत्या मनाईचा अर्ज दे. दाव्याची नोटीस दुय्यम निबंधकाकडे नोंदवायला मात्र विसरू नकोस, कारण मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ चे संरक्षण (दावा चालू असताना झालेला व्यवहार त्याच्या निकालाला बांधील राहतो, हे) आपल्या राज्यात त्या नोंदणीवर अवलंबून आहे. सातबारा आणि वारसाच्या फेरफाराच्या ताज्या नकला काढून वादपत्राचा मसुदा मला पाठव.

तुझा हितचिंतक