'इथिएल' या हिब्रू नावाचा अर्थ काय? इतकं दुर्मीळ नाव मुलाला ठेवावं का?

तुम्ही तीन गोष्टी विचारल्या आहेत. 'इथिएल'चा अर्थ काय, नाव आलं कुठून, आणि घरातले म्हणतात तसं 'कोणी ठेवत नाही ते नाव' ठेवणं चुकीचं आहे का. माझ्या थोरल्या मुलाचं नाव हेच आहे, आणि तुमच्या घरातलं ते वाक्य आमच्याही घरात वर्षानुवर्षं ऐकलंय. म्हणून जरा सविस्तर लिहितो.

अर्थ सरळ आहे: 'देव माझ्यासोबत आहे'. हिब्रूत 'इत्ती' म्हणजे माझ्यासोबत आणि 'एल' म्हणजे देव. इम्मानुएल हे नाव तुम्ही ऐकलं असेल, त्यातलं 'इम्मानू' म्हणजे आमच्यासोबत. इम्मानुएल सगळ्यांच्या वतीने बोलतो, इतिएल (मी असंच लिहितो, का ते पुढे येईल) एकट्याच्या. मला हे नाव आवडलं ते त्यामुळेच. दाविद राजाचा एकनिष्ठ साथीदार इत्तय होता ना, 'मरण असो की जीवन, राजा असेल तिथे मी असेन' म्हणणारा, त्याचंही नाव बहुतेक याच शब्दावरून आलंय.

नेटवरच्या याद्यांमध्ये 'देवाची खूण' किंवा 'देवाचं आगमन' असे अर्थ दिसतील. ते सोडून द्या. जुन्या इंग्रजी बायबल-नामकोशांतून उचललेले हे अर्थ एकाचे दुसऱ्याने उतरवून घेतलेत. खूण म्हणजे हिब्रूत 'ओत', आणि तो शब्द लिहिताना मधे 'वाव' हे अक्षर येतं. इतिएलमध्ये त्या जागी 'योद' हे अक्षर आहे. अक्षरं ओळखणाऱ्या कोणालाही हे पाच मिनिटांत दिसतं, पण याद्या करणाऱ्यांना तेवढीही फुरसत नसते.

आता मूळ. आख्ख्या तनाखमध्ये, म्हणजे ज्यूंच्या बायबलमध्ये, हे नाव दोनच ठिकाणी येतं. एक नहेम्या या पुस्तकाच्या अकराव्या अध्यायात. बाबेलहून परतलेल्या लोकांनी यरुशलेम पुन्हा वसवायचं ठरवलं, पण पडक्या शहरात राहायला जाणार कोण? मग चिठ्ठ्या टाकून दर दहा माणसांतला एक निवडला. तिथे राहिलेल्यांच्या यादीत बन्यामीन वंशाचा सल्लू आहे, आणि त्याची वंशावळ दिली आहे: मशुल्लाम, योएद, पदाया, कोलाया, मासेया, इतिएल, यशाया. इतिएल सल्लूपासून सहा पिढ्या वर. त्याने काय केलं, कुठे राहिला, काही लिहिलेलं नाही. पण देशोधडीला लागलेल्या माणसांनी त्याचं नाव पिढ्यान् पिढ्या तोंडपाठ ठेवलं आणि परत आल्यावर लिहवून घेतलं. मला यापेक्षा मोठी शिफारस लागत नाही.

दुसरी जागा नीतिसूत्रे या पुस्तकाच्या तिसाव्या अध्यायाचं पहिलं वचन. याके याचा पुत्र आगूर, हा पुरुष बोलतो 'इतिएलाला, इतिएलाला आणि उखालाला'. या वचनावरूनच आमच्याकडे भांडण झालं.

आम्ही बेने इस्राएल, म्हणजे कोकणातले ज्यू, मूळ अलिबागकडचे. नवगावच्या किनाऱ्यावर गलबत फुटून आलेल्यांचे वंशज, शनवारी घाणा बंद ठेवणारे म्हणून 'शनवार तेली', वगैरे तुम्हाला माहीत असेलच. आमच्यात मुलाचं नाव आठव्या दिवशी मिलाच्या, म्हणजे सुंतेच्या, वेळी जाहीर होतं. एलियाहू हनाबीची, म्हणजे एलिया संदेष्ट्याची, खुर्ची मांडलेली असते, हझान (प्रार्थना चालवणारे) आशीर्वाद म्हणतात आणि त्यातच नाव घेतात. त्याआधी बापाने ते हझानांच्या कानात सांगायचं असतं. मी सांगितलं. हझानांनी एकदा माझ्याकडे पाहिलं, हसले, आणि स्वच्छ उच्चार करून नाव घेतलं. मशिदीत (आम्ही सिनेगॉगला मशीदच म्हणतो) कुजबुज सुरू झाली. आमचे थोरले काका पुढच्याच बाकावर होते. ते उभे राहून म्हणाले, "हे कोण? हा नबी नाही, राजा नाही. आपल्यात हे नाव नाही."

त्यांच्या मनात यहेज्केल होतं. आजोबांचं नाव यहेज्केल, घरात हसाजी. पहिल्या नातवाला ते मिळायला हवं होतं, हे त्यांचं म्हणणं मी समजू शकतो. त्यांना ते प्रेमानेच वाटत होतं. पण संध्याकाळी घरी मलिद्याचं (हा आमचा आभाराचा विधी) ताट मांडलं, पोहे, खोबरं, फळं, सगळे बसलेत, आणि काका पुस्तक घेऊनच आले. वरचं वचन काढलं आणि रब्बींचं, म्हणजे ज्यू धर्मपंडितांचं, भाष्य वाचून दाखवलं. भाष्य खरं आहे, राशी या मध्ययुगातल्या मोठ्या भाष्यकारांनीही ते दिलंय. रब्बींच्या मते इतिएल हे शलमोन राजाचंच एक नाव. नियमशास्त्रात राजाने पुष्कळ बायका करू नयेत असं सांगितलंय, का तर त्याचं मन फिरेल. शलमोन म्हणाला, 'इत्ती एल', देव माझ्यासोबत आहे, 'वे-उखाल', आणि मी निभावून नेईन. मग सातशे राण्या केल्या, तीनशे उपपत्नी केल्या, आणि म्हातारपणी मन फिरलंच. काकांनी पुस्तक मिटलं आणि म्हणाले, "हे गर्वाचं नाव आहे. पोराच्या कपाळी कशाला मारतोस?"

माझ्या बायकोचे डोळे भरून आले. बाळंतीण होती, आठ दिवसांचं मूल मांडीवर, नुकतंच रडून झोपलेलं. तिच्यासमोर हे बोलायची गरज नव्हती. मी आजवर काकांना हे माफ केलेलं नाही.

त्यांना तेव्हा दिलेलं उत्तर इथेही देतो, कारण तुम्हालाही कोणीतरी हेच वाचून दाखवेल. गर्व 'मी निभावून नेईन' या शब्दांत आहे. 'देव माझ्यासोबत आहे' यात गर्व कुठे आला? रब्बींनी बोट ठेवलंय ते उखालवर, आणि मी मुलाचं नाव उखाल ठेवलेलं नाही. शिवाय शलमोनाची जी नावं रब्बी मोजतात त्यांत यदीद्याही आहे, कोहेलेथही आहे, लमुएलही आहे. ज्या राजाने मंदिर बांधलं त्याच्या नावांच्या माळेतलं एक नाव अशुभ कसं?

पुढे तिकडून, म्हणजे इस्राएलहून, चुलतभावाने आणखी भर घातली. त्याने फोनवर सांगितलं की कित्येक अभ्यासक त्या वचनात नाव मानतच नाहीत. यातही तथ्य आहे. मूळ लिखाणात स्वरचिन्हं नव्हती. तीच अक्षरं 'ल-इतिएल' अशी तोडली तर 'इतिएलाला', आणि 'लाईती एल' अशी तोडली तर 'देवा, मी थकलो'. कित्येक नव्या भाषांतरांत हे दुसरं वाचन दिसेल. तिसऱ्या पक्षाने तर ती ओळ आरामी (हिब्रूच्या जवळची भाषा) मानून 'मी देव नाही' असा अर्थ लावलाय. असू दे. नहेम्याच्या यादीतला इतिएल त्यामुळे पुसला जात नाही, तिथे थकायचा प्रश्नच नाही. आणि खरं सांगायचं तर 'देवा, मी थकलो' म्हणणारा माणूस आणि 'देव माझ्यासोबत आहे' म्हणणारा माणूस एकाच अक्षरांत राहतात, हे मला त्या नावाचं वैभव वाटतं.

राहिलं 'आपल्यात हे नाव नाही'. आपल्यात म्हणजे कोणात? आमच्या जुन्या माणसांची नावं बघा. शमुएलचा सामाजी, यहेज्केलचा हसाजी, अब्राहामचा आबाजी, बन्यामीनचा बनाजी. मुंबईतली पहिली मशीद, शाआर हारहमीम, 1796 साली बांधली ती सामाजी हसाजी दिवेकरांनी. स्वतःचं नाव, बापाचं नाव, गावावरून आडनाव. पद्धत सगळी इथली. बेने इस्राएलांचा इतिहास लिहिणारे हाईम शमुएल केहिमकरही तसेच, किहीमचे म्हणून केहिमकर. या माणसांनी हिब्रू नाव कोकणच्या मातीत लावलं आणि ते रुजलं. पुढे इंग्रजी शाळा आल्या, तेव्हा हसाजीचा एझिकेल झाला, सामाजीचा सॅम्युएल झाला. कवी निस्सीम एझिकेल यांच्या आडनावातला यहेज्केल तोच. म्हणजे दर दोन-तीन पिढ्यांनी आमच्यात नावं बदलतच आलीत. काकांचं स्वतःचं नाव त्यांच्या आजोबांना ओळखू आलं नसतं. मग माझ्या मुलाच्या वेळीच परंपरा बुडते कशी?

आणि नाव कोणी ठेवत नाही हेही खरं नाही. अमेरिकेत न्यू हेवनचा वास्तुविशारद इथिएल टाऊन, जन्म 1784. आडव्यातिडव्या फळ्यांच्या जाळीचा लाकडी पूल त्याने शोधला आणि 1820 साली पेटंट घेतलं. असे झाकलेले पूल तिकडे अजून उभे आहेत. तो ज्यू नव्हता. न्यू इंग्लंडमधले कडवे प्रॉटेस्टंट लोक जुन्या करारातली नावं आवडीने ठेवत, तिथून ते आलं. दुसरे इथिएल डी सोला पूल, 1917 ते 1984, अमेरिकेतल्या एमआयटी विद्यापीठातले राज्यशास्त्राचे प्राध्यापक, न्यूयॉर्कच्या एका जुन्या सेफार्दी (मूळ स्पेन-पोर्तुगालकडच्या ज्यूंच्या) सिनेगॉगच्या रब्बींचा मुलगा. कोणतीही दोन अनोळखी माणसं ओळखीच्या किती कड्यांनी जोडलेली असतात, याचं गणित मांडणाऱ्या पहिल्या काही लोकांत ते होते. आजचे इतिएल ड्रोर बोटांचे ठसे तपासणारे तज्ज्ञ कसे चुकतात यावर संशोधन करतात. त्यांनी तेच ठसे त्याच तज्ज्ञांना वेगळी हकीकत सांगून पुन्हा दाखवले आणि बहुतेक तज्ज्ञांचे निष्कर्ष बदलले. इस्राएलात धार्मिक घरांमध्ये हे नाव आज आढळतं. काका तिकडेच राहतात आता. त्यांच्या कानावर पडलं असेलच. फोनवर मात्र अजून "हसाजी कसा आहे?" असंच विचारतात, आणि माझा मुलगा "मी इतिएल, आजोबा" असं शांतपणे सांगतो.

तुम्ही ज्यू नाही असं प्रश्नावरून वाटतं. ठेवायला हरकत काही नाही, हिब्रू नावावर कोणाची मक्तेदारी नसते. दानिएल, शमुएल निम्म्या जगाने घेतलेत. फक्त एक मागणं आहे. अर्थ माहीत करून घ्या आणि मुलालाही नीट सांगा. 'वेगळं वाटतं म्हणून ठेवलं' एवढंच कारण असेल तर दुसरं नाव शोधा. मुलाला शाळेत कोणी विचारलं तर दोन वाक्यांत सांगता आलं पाहिजे.

वर्गात चिडवतील का? चिडवतील. आमच्या मुलाला 'इतिहास' म्हणायचे. थोडे दिवस चाललं, मग ते टोपणनावच झालं आणि आता त्याचे जवळचे मित्र तेच वापरतात. शाळेने मात्र दाखल्यावर तीन वेगवेगळ्या तऱ्हांनी नाव लिहिलं आणि त्याचा पुढे खूप मनस्ताप झाला.

म्हणून उच्चाराचं आधी ठरवा. आजच्या हिब्रूत ई-ती-एल, जोर शेवटच्या 'एल'वर. 'थ' येतो तो जुन्या भाषांतरांच्या इंग्रजी स्पेलिंगमधून. मराठीत 'इथिएल' लिहिलं की लोक 'थाळी'तला थ म्हणतात, तसा आवाज मूळ नावात कुठेच नाही. मी 'इतिएल'च लिहा म्हणेन. पण तुमच्या घरात बायबल वाचलं जात असेल आणि थ असलेलं रूप कानांना सवयीचं असेल, तर तेही चूक म्हणता येणार नाही. आणखी एक सांगायला हवं. 'देव माझ्यासोबत' हा अर्थ बहुतेकांना मान्य असला तरी काहीजण आरामीतल्या 'आहे' या अर्थाच्या शब्दाशी जोडून 'देव आहे' असा अर्थ लावतात. त्यालाही मी मोडीत काढणार नाही.

आणि काकांच्या बाजूचंही थोडं खरं आहे. आजोबांचं नाव नातवाला दिलं की म्हातारी माणसं सुखावतात. तुमच्या घरी तसं कोणी असेल, तर दोन नावं ठेवा, घरातलं एक आणि दाखल्यावरचं एक. मात्र दाखल्यावर कोणतं जाईल हे तुम्ही दोघं नवरा-बायको ठरवा, बाकी कोणी नाही.

जन्मनोंद बाळाच्या नावाशिवायही करता येते. नाव बारा महिन्यांत घातलं तर शुल्क लागत नाही, त्यानंतर पंधरा वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून घालता येतं. तेव्हा घाई करू नका. पण घालाल त्या दिवशी मराठी आणि इंग्रजी दोन्ही स्पेलिंगं कागदावर स्वतः लिहून न्या, इंग्रजीत नुसता टी की टी-एच ते घरूनच ठरवून जा, आणि प्रत हातात आल्यावर खिडकीसमोरच अक्षर न् अक्षर तपासा.